चिंधी बांधलेला दुधी

सगळं गाव तिला बीवाली आत्या म्हणायचं. पेरणीआधी बायका तिच्या दारात येऊन पदर पसरायच्या. "आत्या, मूठभर दे गं." राखेत जपलेलं बी ती हात भरून द्यायची आणि बजावायची, "वेलावरचं सगळ्यात देखणं फळ बियाण्याला सोडायचं. देठाला चिंधी बांधायची. मग त्याला कुणी हात लावायचा नाही."

पुढे शेतं गोदामांना गेली. परसात दुकानातल्या बियाण्याची पाकिटं आली.

"पाकिटातल्या वेलाला लेकरं होत नाहीत," ती कुरकुरायची.

"बरंच आहे की," शेजारीण हसायची. "सांभाळायला कुणाला वेळ आहे?"

तिचीही जमीन गेली. तिथल्याच गोदामावर तिचा मुलगा पहारेकरी झाला. बी मागायला कुणी येईना, ते डब्यात जुनं होत गेलं. यंदा उरलंसुरलं सगळं तिने न्हाणीमागच्या ओलीत लावलं. एकच वेल वर आला, त्याला एकच दुधी धरला. तिने जुन्या लुगड्याची किनार फाडून देठाला बांधली. आता तो वेलावरच वाळून आत बिया खुळखुळायला हव्या होत्या.

तेवढ्यात ती तापाने फणफणली. दवाखान्यातून घरी आली, तर मुलाने रजा काढून स्वयंपाक करून ठेवलेला.

"खाऊन बघ, आई. बाजारातला नाही, तुझ्याच वेलाचा आहे. कसला कोवळा निघाला! देठाला काहीतरी गुंडाळलं होतंस, ते सोडवताना नाकी नऊ आले."

तिचा हात ताटावरच थांबला. लहानपणी असाच दुधी तोडला म्हणून तिने याला धपाटे घातले होते. मग डोळे पुसत हाच गल्लीतल्या पोरांना दटावत फिरला होता, चिंधीवाल्याला हात लावाल तर बघा.

"बिया काढल्यास का रे?"

"त्या कसल्या काढायच्या? नुसता पांढरा गर. शिजल्या त्यातच. का गं, मीठ कमी पडलं?"

"नाही. बेताचं आहे."

तिने सगळी भाजी संपवली. मुलगा खूश झाला. "पुढच्या खेपेला चांगलं पाकीट आणतो. मांडवभर लाव."

"आण," ती म्हणाली.

चिंधी ओट्यावर पडली होती. तिने ती उचलली, ओली केली आणि ताटाखालची जमीन पुसून घेतली.