खुर्चीखालचं हेल्मेट

मी मुलीकडे अमेरिकेत गेले होते तेव्हा शेजारचे सत्तरीतले गृहस्थ टीव्हीवर त्यांच्याकडचा, हेल्मेट घालून खेळायचा फुटबॉल बघायला आले. तरुणपणी ते एका मोठ्या संघाचे बदली क्वार्टरबॅक होते. क्वार्टरबॅक म्हणजे चेंडू फेकून सगळा खेळ चालवणारा. तो जखमी झाला तरच बदली माणूस मैदानात उतरणार.

मध्येच पडद्यावरचा क्वार्टरबॅक कोसळला आणि उठेना. मी घाबरून गृहस्थांकडे पाहिलं. त्यांचा उजवा खांदा गोल गोल फिरत होता आणि डावा हात खुर्चीखाली नसलेलं हेल्मेट चाचपत होता.

तेवढ्यात तो खेळाडू उठला. गृहस्थांनी टाळ्या वाजवल्या.

"तुम्ही किती सामने खेळलात?" मी विचारलं.

"नऊ वर्षांत एकही नाही. आमचा क्वार्टरबॅक कधी पडलाच नाही. माझं काम सरावात. रविवारच्या सामन्यात समोर जो क्वार्टरबॅक येणार, आठवडाभर मी तो व्हायचो. त्याच्यासारखं पळायचं, त्याच्यासारखं फेकायचं, म्हणजे आमच्या पोरांना त्याला पाडायची सवय व्हायची."

दुसऱ्याची नक्कल करायची, तीही इतकी मन लावून की आपल्या संघाने आपल्यालाच पाडायला शिकावं, हे कसलं काम?

"आणि तुमचं स्वतःचं फेकणं कसं होतं?"

ते आपल्या पंजाकडे बघत राहिले.

"आता नीट आठवत नाही," ते म्हणाले.

पडद्यावर खेळ पुन्हा सुरू झाला होता. त्यांचा खांदा अजून फिरत होता.