कावळ्यांविरुद्ध अर्ज

देवाची आज्ञा मोडणारी माणसं मी पुष्कळ पाहिली, सरकारची मोडणारी तर रोजच पाहतो. पण कोर्टाचा हुकूम अक्षर न् अक्षर पाळणारा माणूस उभ्या जन्मात एकच भेटला, तो म्हणजे दातिवऱ्याचे माझे घरमालक. साठ-बासष्ट सालची गोष्ट. मी कराडकडचा, पण दातिवऱ्याच्या शाळेवर मास्तर. घरमालकांचा आणि त्यांच्या धाकट्या भावाचा दारासमोरच्या खळ्यावरून, म्हणजे मासळी सुकवायच्या अंगणावरून, दावा चालू होता. पालघरच्या कोर्टानं सांगितलं, निकाल लागेपर्यंत खळं जैसे थे ठेवा. झालं! त्या दिवशी टांगलेले बोंबील यांनी काढलेच नाहीत. समोर बोंबील वाळून काटक्या झालेले, आणि हे कालवणाला शेजारून उसने आणायचे. मला वही घेऊन बसवलं आणि खळ्यातली चीजवस्तू लिहून घेतली: खांब किती, उभे किती, कलते किती, फुटकी टोपली कुठे. कावळ्यांनी बोंबील पळवले तेव्हा त्यांच्याविरुद्ध अर्ज. मी वैतागून विचारलं, कावळ्यांना समन्स कोण बजावणार? तर शांतपणे म्हणाले, "ते कोर्ट बघंल, मास्तर. आपण कळवायचं."

मग एकदा वाऱ्यानं उत्तरेचा खांब पडला. हुकूम म्हणजे हुकूम. हे आठ दिवस त्याला ठेचकाळत ये-जा करत राहिले, पण हात लावला नाही. नवव्या दिवशी सकाळी भावानं तो उभा केला. लगेच अर्ज! मी हातापाया पडलो. भावाशी अबोला दोन वर्षांचा, कबूल. पण त्याच्या मुलीचं लग्न पंधरवड्यावर आलेलं. ऐकतील तर शपथ. नाय कळवलं तर मी खोटा ठरेन, एवढंच म्हणाले. लिहिला अर्ज, मेला माझा हात! आठवड्यात भावाला नोटीस आली: हुकूम मोडला, तुरुंगात का टाकू नये? ती ऐकून घरमालकांचं तोंड उतरलं. मी नुसतं कळवलं होतं, असं भिंतीला सांगत बसले. जेवण सुटलं.

तारखेला कोर्टात भाऊ हात जोडून उभा. खांबाला हात का लावला, असं साहेबांनी विचारलं. खाली बघत तो म्हणाला, "दादा रोज ठेचकाळत होता."

घरमालक ताडकन उठले. माझ्या हातातली खळ्याची वही घेऊन त्यांनी पुढे धरली. "साहेब, हुकूम झाला तवा खांब उभा होता, हितं लिवलंय. यानं उभा केला, म्हणजे हुकूम पाळला. आठ दिस पडून ऱ्हाऊ दिला तो मी. बेअदबी माझी हाय. काय ती शिक्षा मला द्या."

साहेबांनी चष्मा काढून बराच वेळ पुसला, आणि दोघांनाही घरी जायला सांगितलं. बाहेर आल्यावर भाऊ दुसरीकडेच बघत म्हणाला, "दादा, सकाळपासून काय खाल्लंस काय?" दोन वर्षांतलं पहिलं वाक्य. घरमालकांनी माझ्याकडे पाहिलं. हुकुमात हे बसतं का, असा तो चेहरा. मी म्हटलं, बसतं हो, खा काहीतरी!

लग्नाचा मांडव त्याच खळ्यात उभा राहिला, अर्थात कोर्टाची रीतसर परवानगी काढून. दावाही पुढे दोघांनी काढून घेतला. माझी बदली झाली तेव्हा घरमालकांनी ती वही मला दिली. आता लागायची नाय, म्हणाले. आज ते नाहीत, भाऊही नाही. फार आठवण आली की मी वही उघडतो. उत्तरेचा खांब अजून उभा आहे.