दोरीवरचं लुगडं

पडद्यावर धरण फुटलं, गावात पाणी शिरलं, आणि थिएटरात शेजारी बसलेल्या अनोळखी बाई कळवळून म्हणाल्या, "अगंबाई, दोरीवरचे कपडे तरी काढायचे होते!"

मला हसू आवरेना. ते अख्खं गाव ह्यांनी, म्हणजे माझ्या नवऱ्याने, आमच्या गच्चीवर उभारलेलं. घरं माझ्या गुडघ्याएवढीही नव्हती. दोरीवरचं बोटभर लुगडं माझ्या जुन्या इरकलीतून कापलेलं. चिमट्याने ते वाळत घालताना ह्यांनी श्वाससुद्धा जपून घेतला होता. "सगळं लहान करता येतं," हे म्हणायचे, "पाणी तेवढं ऐकत नाही. थेंब थेंबाएवढाच राहतो." म्हणून लोंढा कॅमेऱ्यात संथ करून घेतला, तेव्हा कुठे तो धरणाचा वाटला.

कौतुक म्हणजे टाळ्या, असंच मी समजत आले होते. पण परक्या बाईचा जीव त्या बोटभर लुगड्यासाठी तुटावा, याहून मोठी दाद कुठली?

खरं सांगून टाकावं, असं अगदी ओठांवर आलं. माझ्या दुसऱ्या बाजूला बसलेल्या ह्यांनी हळूच माझा हात दाबला. मग मी बाईंकडे वळून म्हटलं, "घाई झाली असेल हो बिचाऱ्यांना."