लॉन्सवरचं गवत

आमचे इंग्रजीचे सर शब्दार्थ नाकातून सांगायचे. "लॉन म्हंजे हिरवळ. हिरवळ म्हंजे काय, तर कापलेलं गवत. आता तुम्ही म्हणाल, सर, कापलेल्या गवताची तर पेंढी बांधतात. बांधतात की नाही? पण साहेब लोक बांधत नाहीत. त्याच्यावर बसून चहा पितात." मनमाडच्या आमच्या वर्गाच्या खिडकीतून बाभळी दिसायच्या आणि बाभळींच्या मागं मालगाडीचे डबे. त्यामुळं गवतावर बसून चहा पिणारी माणसं आम्हाला परीकथेतली वाटायची. मी सरांची ही नक्कल अजून करतो. मागणी चांगली आहे.

पुढं कळलं की आपल्याकडं त्या शब्दाचा गवताशी संबंध फार नाही. आपल्याकडं लॉन्स. एक असलं तरी लॉन्स. लॉन्स म्हणजे जिथं लग्न लागतं ती जागा. वर पत्र्याचं शेड, खाली फरशी, चारी बाजूंना कूलर, गेटवर मालकाच्या आईचं नाव आणि गाड्या लावायला दोन एकर. नाशिकच्या चारी अंगाला ज्याची जमीन रोडला लागली त्यानं द्राक्षबाग तोडली आणि लॉन्स टाकलं. हॉटेल टाकतात ना, तसं लॉन्स टाकतात. दाट तारीख असली की पप्पा सकाळी आरशासमोर भांग पाडत सांगतात, "आज तीन लॉन्स आहेत. जेवायचं मधल्यात. बाकी दोन्हीकडं नुसतं तोंड दाखवायचं." यात लग्न हा शब्द कुठं येतच नाही, तरी मम्मीला सगळं कळतं आणि ती त्या हिशोबानं साडी काढते.

मंडपवाल्यांचं आणखी वेगळं. ते हिरव्या कार्पेटलाच लॉन म्हणतात. "दोन रोल लॉन टाक रे इकडं" असं म्हणाले की कार्पेट येतं. तर अशा ठिकाणी जाऊन इथं गवत आहे का असं विचारायचं, म्हणजे धर्मशाळेत जाऊन धर्म कुठं ठेवलाय विचारण्यासारखं. मी आजवर हा प्रश्न एकाच माणसाच्या तोंडून ऐकला. माझ्या दाजींच्या मामांच्या.

ताईचं लग्न ठरलं तेव्हाची गोष्ट. मुलगा नाशिकचा, सातपूरला नोकरीला. वडील तो तान्हा असतानाच गेलेले, मामानं वाढवलेला. बायोडाटात मामांपुढं 'सातपूरला कंपनीत' एवढंच लिहिलेलं. याद्या करायला आम्ही त्यांच्या घरी गेलो, तर मामा मधोमध बसलेले. उंच, वाळलेले, खिशात चष्म्याची डबी. त्यांचं प्रत्येक बोलणं "मी काय म्हणतो" पासून सुरू व्हायचं आणि त्यानंतर ते इतका वेळ थांबायचे की माणसं हातातला कप खाली ठेवायची.

"मी काय म्हणतो," मामा म्हणाले. सगळ्यांनी कप ठेवले. "लग्न कुठं करताय?"

"नाशिकलाच करू," पप्पा म्हणाले. "तुमच्या माणसांना मनमाड लांब पडतं. लॉन्स बघून ठेवलंय."

"मी काय म्हणतो. गवत आहे का?"

पप्पांना वाटलं हे मानपानातलं काहीतरी आहे आणि आपल्याला माहीत नाही हे दाखवणं बरं नाही. "आहे ना," ते म्हणाले. "सगळं आहे."

"नाय, कसंय, लॉन्स म्हणायचं आन् फरशीवर उभं करायचं, तसं नको. भाच्याचं लग्न आहे. गवत पाहिजे."

परत येताना गाडीत पप्पा म्हणाले, "गवत कशाला लागतं यांना? घोडं मुक्कामी ठेवणार आहेत का?"

घरी पोचेपर्यंत माझी नक्कल तयार होती. खिशातली डबी चाचपायची, मान थोडी वाकडी, "मी काय म्हणतो", मग मोठा थांबा. ताई हसून हसून भिंतीला टेकली. मग डोळे पुसत म्हणाली, "पण लग्नात हे करायचं नाही. ते ह्यांना वडलांच्या जागी आहेत. माझी शप्पथ आहे तुला." मी शप्पथ घेतली. माझ्या शपथांची तिला सवय आहे, म्हणून तिनं दोनदा घ्यायला लावली.

लग्नाच्या दिवशी लॉन्सवर पोचलो तर गवत खरंच होतं. कारंज्याशेजारी, ट्रॅक्टरच्या ट्रॉलीएवढा तुकडा. भोवती दोरी, मधे सिमेंटचं हरीण, आणि 'हिरवळीवर चालू नये' अशी पाटी. पाटीशेजारी शिट्टी घेतलेला वॉचमन. बाकी सगळीकडं कार्पेट. पप्पांनी मॅनेजरला कोपऱ्यात घेतलं, तर तो म्हणाला, "काका, कार्पेट पण हिरवंच आहे. पन्नास लग्नं लागली इथं, एकानं विचारलं नाही."

मामा आले. त्यांनी बुटाच्या टोकानं कार्पेटचा कोपरा उचलला, खालची फरशी बघितली आणि कोपरा परत नीट खाली ठेवला. फेटा बांधायला जाऊन बसले.

माइकवर बोलायला जे निवेदक ठरवलेले, त्यांचा फोन आला की द्वारकेला, चौकातल्या ट्रॅफिकमध्ये अडकलोय, दहा मिनिटांत पोचतो. नाशिकमध्ये माणूस द्वारकेला अडकलोय म्हणाला की तो अंघोळीला निघालाय असं समजायचं. मांडव भरत चाललेला, स्वागताला कुणी नाही. पप्पांनी माइक माझ्या हातात दिला आणि म्हणाले, "जेवढं सांगतो तेवढंच बोल."

मी तेवढंच बोललो, फक्त आवाज स्टेशनवरच्या बाईंचा काढला. "मनमाड जंक्शनवरून येणारी वऱ्हाडी मंडळी थोड्याच वेळात मुख्य प्रवेशद्वारावर येत आहे." लोक हसले, दोन म्हाताऱ्यांनी टाळ्या वाजवल्या. मुलाकडचेही वळून बघायला लागले, कोण आहे, नवरीचा भाऊ आहे होय. मला जरा चढलंच. माइकचं बटन खाली ओढलं आणि स्टेजच्या कडेला आत्येभावाशेजारी जाऊन बसलो.

"मामाचं कर की," आत्येभाऊ म्हणाला.

"नाही. शप्पथ आहे."

"हळू कर. इथं कोण ऐकतंय?"

मी मान वाकडी केली. "मी काय म्हणतो," म्हणालो आणि व्यवस्थित थांबलो. "लॉन्सवर गवत पाहिजे. गवत नसलं तर आमचा नवरदेव चरणार कुठं?"

माइकचं बटन खाली ओढलं की बंद होतो असं मला वाटलेलं. त्या माइकचं उलटं होतं, खाली म्हणजे चालू, आणि साउंडवाल्यानं बटन आधीच खाली करून दिलेलं; मी ओढलं तेव्हा ते जागचं हललंच नव्हतं. आठ स्पीकर. चारी बाजूंना. थांब्यासकट.

सगळ्यात आधी मुलाकडचे हसले, हे सांगायला पाहिजे. कारण आवाज ओळखला फक्त त्यांनीच. हसले, आणि मग एकदम गप्प झाले. मामांच्या डोक्यावर फेटा अर्धा बांधून झालेला. त्यांनी तो उतरवला, फेटेवाल्याच्या हातात दिला, चष्म्याची डबी खिशात टाकली आणि बाहेर निघून गेले.

पप्पा आले. माझ्या हातातून माइक काढून घेतला आणि गेले. मारलं असतं तर बरं झालं असतं, निदान विषय संपला असता. मुलाकडची दोन माणसं मामांना शोधून हात हलवत परत आली. मुहूर्ताला पंधरा मिनिटं राहिलेली. आमच्यात नवरदेवाच्या पाठीशी मामा उभा लागतो, पण मामा नसला तर कुणी चुलत मामा चालतो. गुरुजींनी तसं सुचवलंही. दाजी शांतपणे म्हणाले, "मामा आल्याशिवाय मी पाटावर उभा राहणार नाही." रागानं नाही. बस चुकली तर पुढच्या बसनं येतो म्हणावं, तसं. त्यानंच पप्पा जास्त घाबरले.

ताईच्या खोलीचं दार अर्धं उघडं होतं. मुंडावळ्या बांधून बसलेली. तिनं मला आत बोलावलंच नाही, तिथूनच म्हणाली, "तूच जा. घेऊन ये. आणि तिथं कुणाचा आवाज काढू नको." तिचा हात हातातल्या रुमालाला नुसता पीळ देत होता. मी पळालो.

पार्किंगमध्ये नव्हते, रोडवर नव्हते. कारंज्याजवळ आलो तर मामा दोरीच्या आत. सिमेंटच्या हरणाशेजारी उकिडवे बसून काहीतरी उपटत होते. वॉचमन बाहेर उभा, शिट्टी हातात.

"तीनदा वाजवली, दादा," वॉचमन मला म्हणाला. "ते म्हणतात, वाजवू नको, आत ये आन् मोथा बघ."

मी दोरी ओलांडली. माझ्या अंगावर नवा जोधपुरी कोट, तसाच उकिडवा बसलो. "मामा, चुकलं माझं."

मामा उपटत राहिले. "हे लॉन नाय," म्हणाले. "हा सगळा मोथा आहे, तण. वरून हिरवा दिसतो म्हणून ह्यांनी ठेवलाय."

"तुम्हाला यातलं कळतं?"

"तीस वर्षं तेच केलं. माळी होतो ना कंपनीत." त्यांनी माझ्याकडं बघितलं. "बहिणीनं बायोडाटात नुसतं कंपनीत लिहिलं. खोटं नाय ते. पण शेडमधला नव्हतो, गेटपाशी दोन लॉन होती, ती माझ्याकडं. बाहेरदेशचे साहेब यायचे, तर आधी लॉनवर फोटो काढायचे, मशिनी नंतर बघायचे."

आमच्या घरात कुणी विचारलंच नव्हतं, कंपनीत म्हणजे नक्की काय.

"हा पोरगा बाप गेला तेव्हा रांगत होता," मामा म्हणाले. "बहीण कामाला जायची. मी सायकलवर घेऊन यायचो, लॉनवर सोडायचो, एका हातानं पाण्याचा पाइप धरायचो. तिथंच उभा राहिला, तिथंच चालला. पडला तरी लागायचं नाय. म्हणून म्हणलं, लग्नाला उभा राहील तर खाली गवत असू दे." मग म्हणाले, "तर तू त्याला चरायलाच घातला."

हे ऐकून वॉचमन हसला आणि लगेच शिट्टीकडं बघायला लागला. मी हसलो नाही. तशी वेळ माझ्यावर कमी येते.

"परत कर," मामा म्हणाले.

"काय?"

"नक्कल. मागून काय करतो? तोंडावर कर."

"नाही करत, मामा. ताईनं सांगितलंय, कुणाचा आवाज काढायचा नाही."

"मग मोथा काढ. गाठीसकट. नुसता वरचा तुटला तर आठ दिवसांत परत उगवतो."

मी मोथा उपटायला लागलो. पहिले चार वरच्या वर तुटले. मामांनी दाखवलं, बुडाशी बोट घालायचं, माती सैल करायची, मग सरळ वर ओढायचं. मुळाशी काळी गाठ येते, हरभऱ्याएवढी. वॉचमन पण आत येऊन बसला. निवेदक एव्हाना अंघोळ करून पोचले होते, स्पीकरवर आवाज आला, "नवरदेवाचे मामा जिथं कुठं असतील तिथून त्यांनी स्टेजकडं यावं." थोड्या वेळानं, "मामांना पुन्हा एकदा नम्र विनंती." मामांनी मान वर केली नाही. मुहूर्त टळला. माझ्या डोळ्यांपुढं सारखा तो पीळ दिलेला रुमाल येत होता, आणि घाईनं ओढलं की मोथा तुटत होता.

"मी काय म्हणतो," मामा म्हणाले. मी थांबलो. खरंच थांबलो, हातसुद्धा थांबवला. "किती निघाले?"

"सतरा."

"गाठीसकट किती?"

सतराच म्हणायचं तोंडावर आलं होतं. "अकरा," मी म्हणालो.

मामा गुडघ्यावर हात टेकून उठले. तेवढ्यात दाजी स्वतःच येताना दिसले. मुंडावळ्या सावरत, मागं दोन करवल्या आणि कॅमेरावाला. दोरीपाशी थांबले.

"चप्पल काढ," मामा त्यांना म्हणाले.

दाजींनी मोजड्या काढल्या आणि दोरी ओलांडून आत आले. मामांनी जिथला मोथा काढला होता तिथली माती पायानं दाबून सारखी केली आणि बोटानं दाखवलं. दाजी तिथं उभे राहिले. वॉचमननं कॅमेरावाल्याला हातानं थोपवलं, तुम्ही बाहेरूनच घ्या.

मग आम्ही सगळे मांडवात आलो. पप्पा मामांच्या पाया पडायला वाकले, तर मामांनी त्यांना मधेच धरून उभं केलं आणि विचारलं, "माइक कुठं ठेवलाय?" पप्पा म्हणाले, "ह्याच्यापासून लपवलाय." फेटा राहिलाच. अंतरपाट धरला, मामा दाजींच्या मागं उभे राहिले, खांद्यावर हात ठेवला. मंगलाष्टकं झाली, अक्षता पडल्या, अंतरपाट खाली आला.

ताईनं पहिलं दाजींकडं बघितलं आणि मग त्यांच्या खांद्याकडं. मोतिया शेरवानीवर ओल्या मातीची पाच बोटं. लगेच तिनं माझ्या हातांकडं बघितलं, मी ते पाठीमागं नेले, पण उशीर झाला होता. हार घालून झाल्यावर ती पदराचं टोक घेऊन खांदा पुसायला लागली.

"राहू दे गं पोरी," मामा मागून म्हणाले. "ओलं पुसलं की पसरतं. वाळलं की झटकून जाईल."

ताईनं पदर खाली सोडला.