पुढे ओढलेले डबे

रिकामं फडताळ भरलेलं कसं दाखवायचं, ते विल्मा प्रॉक्टरकडून शिकावं. रोज संध्याकाळी सहाच्या सुमाराला गिऱ्हाईक ओसरलं की ती दुकानाच्या एका टोकापासून सुरुवात करी. मक्याचे डबे, टोमॅटोचे डबे, सूपचे डबे. मागचे ओढून अगदी कडेला आणायचे, चित्र समोर करायचं, एकावर एक दोन थर रचायचे. मागे हातभर पोकळी का असेना, समोरून बघणाऱ्याला भिंत दिसली पाहिजे. एकोणीस वर्षं हे केल्यावर बायकोचे हात झोपेतसुद्धा डबे ओढतात, असं तिचा नवरा ग्लेन म्हणायचा.

"अर्धं फडताळ दिसलं की लोकांना वाटतं, चांगलं ते दुसऱ्यानं नेलं, आपल्याला गाळ उरला," ती सांगायची. "मग हात लावत नाहीत मेले."

पण डबे आवरणं हे तिचं वरकाम. खरं काम तयार जेवणाच्या काउंटरवर. काचेच्या भट्टीत कोंबड्या गरगर फिरायच्या, भाजून लाल झाल्या की झाकणाच्या डब्यात घालून गरम दिव्याखाली मांडायच्या, आणि चार तासांत खपल्या नाहीत की टाकून द्यायच्या. दुकान नऊला बंद व्हायचं. नऊला पाच कमी असताना आलेल्या माणसालाही दिव्याखाली कोंबड्यांची रांग दिसली पाहिजे, असा वरून हुकूम. म्हणून सात वाजता विल्मा बारा कोंबड्या भट्टीत घाली, त्यातल्या दोन खपत, आणि उरलेल्या दहा ती आपल्या हातानं मागच्या पिंपात टाकी. ऊन ऊन. बोटाला चटका बसेल इतक्या ऊन. पिंपाला कुलूप, तेही चांगलं मुठीएवढं. ओहायोत आमच्या गावात लोक घराला कुलूप लावत नाहीत, पण कचऱ्याला लावतात.

या गोष्टी ती महिन्यातून एखाद्या रविवारी भावाकडे जाऊन हसत हसत सांगायची. ओरिन तिच्याहून पाच वर्षांनी मोठा. गावापासून अकरा मैलांवर टेकडीच्या पोटाशी पत्र्याच्या लहानशा घरात राहायचा. तीस वर्षं काचेच्या कारखान्यात भट्टीपुढे उभा राहिलेला माणूस. कारखाना बंद पडला, मग बायको फे आजारी पडली, आणि तिच्या दुखण्यात होतं नव्हतं ते गेलं. फे गेली तेव्हा ओरिनकडे एक जुना ट्रक आणि ताठ मान, एवढंच उरलं होतं. पुढे ट्रकही विकला. मान मात्र होती तशीच.

मान कसली, दगड होता तो. सरकारी धान्याचं कार्ड काढ म्हटलं तर म्हणायचा, "ते गरिबांसाठी असतं." चर्चमध्ये दर गुरुवारी शिधा वाटतात, तिथे जा म्हटलं तर चार दिवस फोन उचलायचा नाही. विल्मानं एकदा दोन पिशव्या भरून सामान नेलं, तर त्यानं त्या जशाच्या तशा तिच्या गाडीत परत ठेवल्या आणि दार लावून दिलं. घरून शिजवून नेलं, तर "आत्ताच जेवलो" म्हणून भांडं परत. विकत घेतलेलं, कष्टानं केलेलं, कुणीतरी आपल्यासाठी म्हणून आणलेलं काहीही त्याच्या घशाखाली उतरायचं नाही. मोडेन पण वाकणार नाही, ही जात.

ऑक्टोबरातल्या शेवटच्या रविवारी मात्र एक गोष्ट झाली. ती कोंबड्यांचं सांगत होती आणि तो खिडकीशी बसला होता.

"दहाच्या दहा टाकता?" त्यानं विचारलं.

"टाकतो."

"गरम?"

"वाफ येत असते."

"वेडे आहात तुम्ही सगळे."

"मला नको सांगूस. मला तर वेडेपणाचा पगार मिळतो."

तो हसला. मग खिडकीबाहेर बघत, जसं काही हवेबद्दल बोलावं तसं म्हणाला, "त्यातली एखादी वाट चुकून इकडे आली, विल्मे, तर मी काही हाकलून देणार नाही. नाहीतरी टाकायचीच ना."

विल्मानं "बघते" म्हटलं आणि विषय तिथेच राहिला. पण परतताना गाडीत तिला ते वाक्य पुन्हा पुन्हा ऐकू येत राहिलं. बासष्ट वर्षांत ओरिननं तिच्याकडे काही मागितलं नव्हतं. लहानपणी झाडावरून पडून हात मोडला, तरी घरापर्यंत आधार घेतला नव्हता. आणि आज हा माणूस कोंबडी मागतो. तीही टाकलेली, म्हणजे कुणाचे उपकार नकोत.

मंगळवारी ती ट्रेंटकडे गेली. ट्रेंट कोलियर म्हणजे दुकानाचा मॅनेजर, तिच्या धाकट्या मुलाच्या वयाचा, वाईट नव्हता बिचारा.

"एक कोंबडी," ती म्हणाली. "आठवड्याला एक. पिंपात जायचीच ती. माझ्या भावाला."

"विल्मा, नाही जमणार."

"मी लिहून देते, त्याला काही झालं तर माझी जबाबदारी."

"लिहून देऊन चालत नाही. एकदा द्यायला लागलं की लोक मुद्दाम जास्त भाजतील आणि घरी नेतील, असं वरचे म्हणतात."

"मुद्दाम जास्त तर आपण आत्ताच भाजतो, ट्रेंट."

ट्रेंटनं दार लोटून घेतलं. मग म्हणाला, "मागच्या वर्षी दुसऱ्या शाखेत एका बाईनं पाव नेले, पिंपातले. दुसऱ्या दिवशी घरी बसवली तिला. माझ्यावर ही वेळ आणू नकोस. मी तुला काढलं तर मला झोप लागणार नाही, पण काढावं लागेल."

आणि काढलं असतं तर? ग्लेनच्या रक्ताची औषधं तिच्या नोकरीच्या विम्यावर चालली होती. विमा गेला तर औषधं गेली. एका तागडीत नवरा, एका तागडीत भाऊ, आणि मध्ये एक भाजलेली कोंबडी. असला न्याय करायची पाळी देवानं कुणावर आणू नये.

तरी तिनं ठरवलं होतं. चोरून न्यायची. कोटाच्या आत, अंगाला लावून. फक्त त्याआधी एकदा खात्री करायची, की खरंच गरज आहे का, का म्हातारा उगाच बोलून गेला. म्हणून पुढच्याच रविवारी ती पुन्हा गेली, आणि ओरिन लाकडं आणायला बाहेर गेला तेव्हा तिनं त्याच्या स्वयंपाकघरातलं कपाट उघडलं.

कपाट भरलेलं होतं. वाटाणे, घेवडा, मका, पीच, सूप. वरच्या फळीवर दोन थर, खालच्या फळीवर दोन थर, चित्रं समोर. विल्माचा जीव भांड्यात पडला. हातातून दगड सुटावा तसं वाटलं तिला. अरे गुलामा, म्हणजे बरं चाललंय की तुझं, असं ती मनात म्हणाली आणि तिनं कपाट लावून घेतलं.

ओरिन दारात उभा होता, हातात लाकडं घेऊन. त्यानं बघितलं होतं.

"काय, झडती झाली का, पोलीसबाई?"

"झाली. वर्षभर पुरेल एवढं भरून ठेवलंयस."

"मग? मला काय भिकारी समजलीस?" त्यानं लाकडं खाली ठेवली, कपाट उघडलं, आणि पुढच्या ओळीतला नेमका एक पीचचा डबा काढून तिच्या हातात दिला. "घे. मोकळ्या हातानं जाऊ नकोस."

त्याच्या घरून मोकळ्या हातानं कुणी जात नसे. त्यांच्या आईची पद्धत ती. डिसेंबरात तिनं डबा नको म्हटलं तर रागावला, आणि द्यायचा तो दिलाच. जानेवारीत तिनं वाद घातलाच नाही.

"बारीक झालायस," ती जानेवारीत म्हणाली.

"म्हातारा झालोय. जाडजूड म्हातारे बघितलेत तू किती?"

कोंबडीचं त्यानं पुन्हा काढलं नाही. तिनंही नाही. भरलेलं कपाट तिनं डोळ्यांनी पाहिलं होतं, मग कशाला विस्तवाशी खेळ? ती सात वाजता बारा भाजत राहिली आणि दहा टाकत राहिली.

फेब्रुवारीत, बर्फात, टपाल वाटणाऱ्या बाईला तो दिसला. खुर्चीत बसलेला, पायांवर फेची गोधडी. हृदय बंद पडलं, असं डॉक्टर म्हणाले. मग कागद खाली ठेवून त्यांनी विल्माला विचारलं, "यांच्याकडे जेवणाखाण्याचं कोण बघत होतं?"

"का? कपाट भरलेलं आहे त्याचं."

"सहा फुटांचा माणूस आणि वजन एकशे नऊ पौंड," डॉक्टर म्हणाले. "अंगात काही राहिलं नव्हतं, बाई." विल्माला वाटलं, आतून काही आजार असेल. डॉक्टरांना काय, ते काहीही विचारतात.

शनिवारी मूठमाती दिली आणि चर्चच्या तळघरात जेवण झालं. आमच्याकडे कुणी गेलं की बायका शिजवायला लागतात. दुःखात दुसरं काय करायचं ते आम्हाला कळत नाही. डुकराच्या मांड्या दोन, मलईतले बटाटे चार परातींत, मॅकरोनी, घेवड्याची भाजी, थरथरणारी रंगीत जेली, फळं भरून भाजलेले अकरा ‘पाय’. आले होते एकतीस लोक. टेकडीवरच्या ओरिनकडे वर्षभरात यातलं कुणी फिरकलं नव्हतं, आणि फिरकलं असतं तरी त्यानं दार उघडलं नसतं, हेही तितकंच खरं. जेवणं झाली, बोलणी झाली, लोक कोट घालायला लागले. विल्मानं भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं. चार तास झाले होते. ती उठली, काळी पिशवी घेतली, आणि बटाट्यांच्या परातीपासून सुरुवात केली.

"अगं विल्मा, हे काय करतेस?" हेझल मॅकनॅबनं तिचा हात धरला. बटाटे तिनेच केले होते. "घरी ने की. चांगले आहेत."

विल्मानं पिशवीत पाहिलं. अर्धी परात गेली होती. हात आपोआप चालला होता, तिला पत्ताही नव्हता. "सवय गं," ती म्हणाली आणि खाली बसली.

सोमवारी ती ओरिनचं घर आवरायला गेली. घरमालकाला महिनाअखेर मोकळं करून हवं होतं. कपाटातले डबे खोक्यात भरून चर्चच्या शिध्याला द्यायचे, असं तिनं ठरवलं होतं. खोकं टेबलावर ठेवलं, कपाट उघडलं आणि वाटाण्याचा पहिला डबा उचलला.

डबा हलका होता. हात वरच गेला, पायरी नसताना पाय टाकावा तसा. तिनं डबा उलटा केला. बूड कापलेलं होतं, अगदी कडेनं, नीट. आतून धुतलेला, पुसलेला. दुसरा उचलला. तसाच. तिसरा, चौथा, मक्याचा, सूपचा. वरचा थर काढला, खालचा काढला, सगळे तसेच, सगळ्यांची चित्रं समोर. त्यांच्या मागे नुसती लाकडाची फळी, आणि फळीवर फेच्या हातानं कधीतरी घातलेला निळा कागद. बावीस डब्यांत एकच भरलेला निघाला, घेवड्याचा.

विल्मा जमिनीवर बसली. हे त्याला कुणी शिकवलं? तिनेच. याच टेबलाशी बसून, हसत हसत. मागे पोकळी असली तरी चालते ओरिन, समोरून भिंत दिसली पाहिजे. त्यानं ऐकून घेतलं आणि तिच्यासाठीच रचलं. झाकली मूठ सव्वा लाखाची. आणि गावातल्या दुसऱ्या कुणालाही एक वेळ कळलं नसतं. पण जिनं एकोणीस वर्षं हेच केलं, तिनं दार उघडून नुसतं पाहिलं आणि लावून घेतलं. एका डब्याला बोट लावलं असतं तरी पडला असता. बोट लावायचं का सुचलं नाही? कारण तिला भरलेलंच बघायचं होतं. भरलेलं असलं की चोरी करावी लागत नव्हती.

ती रडली. मोठ्यानं, गळा काढून. अकरा मैलांत ऐकणारं कुणी नव्हतं. मग तिला त्यानं हातात दिलेले पीचचे डबे आठवले आणि ती तशीच उठून गाडीत बसली.

घरी आली तेव्हा ग्लेन स्वयंपाकघरात होता. कोट न काढताच ती कपाटापाशी गेली. नोव्हेंबरातला डबा तिनं घरी आणल्या आणल्या पाहिला होता, त्याच्यावरची तारीख उलटून गेलेली. ओरिनला ते स्वस्तात मिळत असणार. तिनं तो कचऱ्यात टाकला होता. डिसेंबरातलाही टाकला. तारीख गेलेलं घरात ठेवायचं नाही, ही तिची शिस्त. जानेवारीतला कुठे गेला होता? तिनं आपले डबे बाजूला सारले. तो मागे सरकला होता, पार भिंतीपाशी.

उचलला. जड होता.

तिनं तो उघडला, काटा घेतला आणि उभ्या उभ्या एक फोड तोंडात घातली.

"कसले गं ते?" ग्लेननं डबा फिरवून पाहिला. "तारीख सप्टेंबरातली आहे. टाकून दे, पोट बिघडेल."

तिनं दुसरी फोड खाल्ली. ग्लेननं तिच्या तोंडाकडे पाहिलं, मग तिच्या हातातला काटा घेऊन स्वतःही एक खाल्ली. सावकाश चावली.

"चांगले आहेत की," तो म्हणाला.

"हो," विल्मा म्हणाली. "तिन्ही डबे चांगले होते, ग्लेन."