तंबूतल्या पडद्यावरची चौकी

भुताखेतांच्या गोष्टी सांगणाऱ्याला मी आजवर तोंडावर हसत आलो आहे. पलटणीत नाईक होतो, माणसं मरताना पाहिली... मेलेलं कुणी परत आलेलं पाहिलं नाही. तरीही हे लिहितो आहे, कारण रागाने झोप लागत नाही.

मोठी लढाई संपल्यावर दोनतीन वर्षांनी आमची तुकडी वायव्य सरहद्दीवरच्या एका डोंगरचौकीत होती. चौकी म्हणजे कमरेएवढा दगडी आडोसा, बस्स! पाणी खाली ओढ्यात. माझ्याच गावचा, पालीचा भिवा एका दुपारी पखाल घेऊन खाली उतरला, तो परत आलाच नाही. शोधलं, सापडला नाही. साहेबाने शेरा मारला — फरारी. पठाणांच्या मुलखात एकटा कोकणी गडी पळून जाणार कुठे, हे विचारायची कुणाची छाती नव्हती! इकडे पालीच्या बाजारात त्याच्या आईला, भागीकाकीला, लोक ‘पळपुट्याची आई’ म्हणू लागले.

गेल्या उन्हाळ्यात रत्नागिरीत सिनेमाचा तंबू आला. मुका, विलायती खेळ, सरहद्दीवरच्या किल्ल्याचा. काकी माझ्याकडे आली. “मना ने रे. माजा पोर व्हता ती जागा तरी बगू दे.”

नेलं. आणि पडदा बघून माझं डोकंच फिरलं. उंच बुरूज, मेजावर चादर, चहा पिणारी मडम! शूर कोण, तर एकटा गोरा साहेब. आमच्यासारखे शिपाई नुसते दाराशी सलाम ठोकायला. तहान कुणालाच नाही!

मी काकीला उठवणार, तोच चित्र बदललं. उघडा डोंगर... आमचा आडोसा, त्याच्याशेजारचं वाकडं बोरीचं झाड. पाठीवर भरलेली पखाल, एक खांदा पाडून चालणारा माणूस. वर येत होता — चौकीकडे! मग एकदम छातीवर हात गेला, आणि तो पखालीसकट मोठ्या खडकाखालच्या कपारीत घसरला.

“भिवा!” काकी उभी राहिली. “माजा भिवा त्यो!”

पुढच्या बाकावरचा एक अनोळखी खलाशी मागे वळून म्हणाला, “कोन हो तो पानीवाला? मेला की काय?”

म्हणजे त्यालाही दिसला होता. पडद्यावर पुन्हा साहेब चहा पीत होता.

दुसऱ्या दिवशी मी एकटाच जाऊन सगळा खेळ परत पाहिला. डोंगर नाही, पखाल नाही. मॅनेजर हसला. “अहो, ही फिल्म विलायतेत काढलेली. तुमचा माणूस तिच्यात येईल कसा?”

येईल कसा, ते मलाही कळत नाही. आजही नाही. कपार शोधा म्हणून पलटणीत जाऊन सांगितलं, तर तिथला कारकून म्हणाला, “सिनेमा पाहून शेरा बदलत नाही.” माणूस न सापडता शेरा मारता येतो, तो चालतो!

काकीला खेळाला नेलं त्या रात्री बैलगाडीतून पालीला परतताना ती रडली नाही. घाट लागला तेव्हा तिने हळूच विचारलं, “बाबू, पानी सांडलं काय रे त्याचं?”

“नाही काकी,” मी म्हणालो. “पखालीचं तोंड त्याने घट्ट धरलं होतं.”