पास्कू मिस्त्रीचं मुकं रिव्हॉल्व्हर

चिठ्ठी शाळेत आली. मी नववीला हवेचा दाब शिकवत होतो. शिपायाने आणून दिलेल्या कागदावर दोनच ओळी होत्या: पास्कू मिस्त्री शनिवारी गेले, रविवारी माती झाली. आज मंगळवार होता. मी कागद खिशात घातला आणि धडा पुरा केला. मुलांना काय सांगितलं ते आठवत नाही. नवं राज्य होऊन आठवडाही झाला नव्हता, दादरच्या दुकानांवरची रोषणाई अजून उतरली नव्हती... आणि मला एवढंच कळत नव्हतं, की चार वर्षं ज्या माणसाचं तोंड पाहिलं नाही त्याच्यासाठी रडू आलं तर ते खरं मानायचं का.

पास्कू मिस्त्री गिरगावातल्या एका ख्रिस्ती वाडीत राहायचा. वर घर, खाली बंदुका दुरुस्तीचं परवान्याचं दुकान. मी परळच्या चाळीतला, वडील गिरणीत, आणि आमच्या घराण्यात कॉलेजात गेलेला पहिला. हे मी कोणाला विसरू देत नसे. मिस्त्रीला इंग्रजी वाचता येत नव्हतं, म्हणून त्याची कॅटलॉगं वाचून दाखवायला मी दर शनिवारी जाऊ लागलो. पहिल्याच दिवशी त्याने स्वतःचा कप विसळून मला चहा दिला, आडनाव नंतर विचारलं. मला नावाने त्याने कधी हाक मारली नाही. ‘काय ग्रॅज्युएट’ म्हणायचा. सगळीकडे मुंबई कोणाची यावर वाद चालायचे तेव्हा तो म्हणायचा, तुम्ही ती कोणाला पण द्या, आमची वाडी काय कुठे जात नाय.

दुरुस्त केलेली प्रत्येक बंदूक तो शनिवारी दुपारी वाळूच्या पेटीत झाडून बघायचा. आधी दारावरची घंटी तीनदा वाजवायचा, म्हणजे वाडीतल्या बायका पोरांच्या कानांवर हात ठेवायच्या. चाळीस वर्षं हे केल्यावर त्याचा डावा कान पार गेला होता, उजव्यालाही मोठ्याने सांगावं लागे. आणि अशा माणसाच्या डोक्यात काय शिरावं, तर आवाज न करणारं रिव्हॉल्व्हर.

मी विज्ञानाचा विद्यार्थी. म्हटलं, त्यात काय, नळीच्या तोंडाला आवाज गिळणारा डबा बसवा. मिस्त्री हसला. त्याने एक जुनं रिव्हॉल्व्हर शिकंज्यात धरलं, शेजारी कोरा कागद उभा केला आणि चाप ओढला. कागद बाजूनेच काळा होऊन फाटला. मग त्याने बोटाने दाखवलं, गोळ्यांचं चाक फिरायचं तर चाक आणि नळी यांच्यात केसाएवढी फट ठेवावीच लागते. धूर आणि आवाज तिथूनच फुटतो, तोंडाला डबा लावून उपयोग काय? एका बेल्जियन कारागिराने पूर्वी रशियन फौजेसाठी असं चाक केलं होतं, जे चाप ओढताना पुढे सरकून नळीला चिकटतं. पण त्याचा चाप फार जड. दुसरी एक कल्पना त्याने युद्धावरून आलेल्या एका गिऱ्हाइकाकडून ऐकली होती. काडतुसातच छोटा दट्ट्या ठेवायचा, त्याने गोळी ढकलायची आणि धूर आतच कोंडून टाकायचा. ना जाळ, ना आवाज. मिस्त्री याच कल्पनेच्या मागे लागला होता.

कशासाठी, तर घोड्यांसाठी. व्हिक्टोरिया गाडीच्या एखाद्या घोड्याचा पाय मोडला की त्याला गोळी घालावी लागे, आणि त्या आवाजाने तबेल्यातले बाकीचे घोडे दोन दिवस चाऱ्याला तोंड लावत नसत. जनावरांच्या कोणा डॉक्टरने त्याला हे सांगितलं होतं. तो बांधायचा आणि झाडायचा. मी वर रोझीमावशीजवळ, त्याच्या बायकोजवळ, बसून ऐकायचो आणि खाली जाऊन त्याच्या उजव्या कानात सांगायचो. पाट आपटल्यासारखा. पुढच्या शनिवारी, दाराची कडी पडल्यासारखा. दोघांत मिळून एक धड माणूस होतो आम्ही.

मग शहरात मोर्च्यांवर गोळीबार झाला. आमच्या चाळीतला एक गिरणी कामगार पायात गोळी घेऊन परत आला. पुढच्या शनिवारी गेलो तर दुकानासमोर मोटार उभी, आत कडक इस्त्रीचा एक माणूस ताठ उभा राहून आमच्या त्या रिव्हॉल्व्हरकडे बघत होता. तो गेल्यावर मी विचारलं. मिस्त्री म्हणाला, तोच डॉक्टर. मला ते पटलं नाही. डॉक्टर असे पोलिसासारखे ताठ उभे राहतात? मी त्याच्या कानाशी जाऊन म्हटलं, “मिस्त्री, आवाज नको असतो तो घोड्याला नाही, लपवणाऱ्याला.”

तो भडकला नाही. “ग्रॅज्युएट,” म्हणाला, “मी घोड्यालाच विचारून आलोय असं समज.”

मी जिना न चढताच परतलो, तो कायमचा.

मिस्त्री जाऊन महिना झाला तेव्हा चर्चमधल्या मिस्सेला गेलो. प्रार्थना संपल्यावर मावशीने वर नेलं आणि बसवलं. मी विचारलं, ते रिव्हॉल्व्हर कुठाय? दुकानातली हत्यारं पोलिसांनी यादी करून नेली होती, तिला यादी पाठ होती आणि त्यात ते नव्हतं. मी यायचा थांबल्यावर दोन वर्षं मिस्त्रीने त्याला हात लावला नाही, म्हणाली. मग एका शनिवारी धापा टाकत वर आला आणि विचारलं, आवाज आला काय? तिने सांगितलं, नाय आला. मिस्त्री खाली गेला, आणि संध्याकाळपर्यंत करवतीने त्याचे तुकडे करत बसला.

मला काही सुधरेना. साधलं, तर मोडलं का? घोड्यांसाठी होतं तर डॉक्टरला द्यायचं. आणि मोडायचंच होतं, तर दोन वर्षांनी जाऊन झाडलं कशाला? माझं ते वाक्य त्याच्या उरल्यासुरल्या कानात बसलं होतं, की माझा त्यात काहीच संबंध नव्हता? मी तबेल्यांतही चौकशी केली आहे. असा एक डॉक्टर होता म्हणतात, नव्हताही म्हणतात.

“मावशी, खरंच आवाज आला नव्हता?”

ती उठून माझ्या उजव्या बाजूला येऊन बसली. इतक्या वर्षांची सवय, तिच्या लक्षातही आलं नसावं. माझ्या धडधाकट कानाला तोंड लावून, सगळ्या वाडीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्याने ती म्हणाली, “आला होता रे. खिडकीची काच हलली. पण आला म्हटलं असतं, तर तो थांबला असता काय?”